खुराक राहिला, मेहनत गेली: पन्नाशीनंतर पाय शाबूत ठेवण्यासाठी

२०१९ च्या ऑगस्टमध्ये कोल्हापुरात पंचगंगेचं पाणी आमच्या गल्लीत शिरलं तेव्हा आबा ७४ वर्षांचे होते. होडी जिन्यापाशी आली. तिसऱ्या पायरीवरून एक पाय उचलून होडीच्या काठापलीकडे टाकायचा, एवढंच काम होतं. तरुणपणी तालमीत रोज पहाटे शेकड्यांनी बैठका मारलेल्या माझ्या वडिलांना तो पाय उचलता आला नाही. गल्लीतल्या तीन पोरांनी काखेत हात घालून त्यांना उचललं आणि आत बसवलं. पोरांनी सगळं मायेनंच केलं. पण आबा त्या दिवशी एक शब्द बोलले नाहीत.

त्यांना मोठा आजार कुठलाच नव्हता. साखर थोडी वर, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं, छातीची पट्टी (ईसीजी) व्यवस्थित. जो तो म्हणायचा, "वयाचं आहे, चालायचंच." मला ते पटलं नाही. त्यांच्या मांडीतून नेमकं काय गेलं आणि त्यातलं किती परत आणता येतं, हे मी तेव्हापासून शोधत राहिले. वाचलं, डॉक्टरांना आणि फिजिओथेरपिस्टना विचारलं, घरात करून पाहिलं. आता मी स्वतः ५३ वर्षांची आहे आणि आबांसोबत मीही बैठका मारते. आमच्या घरात जे चाललं आणि ज्याला अभ्यासांचा आधार आहे, ते इथं क्रमानं मांडते.

म्हातारपण आत कसं येतं

माणसाच्या पेशी कायम नव्यानं विभागत राहत नाहीत. १९६१ मध्ये लिओनार्ड हेफ्लिक यांनी दाखवलं की प्रयोगशाळेत वाढवलेल्या पेशी साधारण ४० ते ६० वेळा विभागतात आणि मग थांबतात. पदराचे धागे उसवू नयेत म्हणून टोकाला गाठी मारतात, तशी गुणसूत्रांच्या टोकांना टेलोमियर असतात. दर विभाजनाला ती थोडी झिजतात. त्यांच्यावरच्या कामासाठी एलिझाबेथ ब्लॅकबर्न, कॅरोल ग्रायडर आणि जॅक शोस्टॅक यांना २००९ चं नोबेल मिळालं. विभागायचं थांबलेल्या काही पेशी मरतही नाहीत. त्या जागेवर बसून दाह वाढवणारी रसायनं सोडत राहतात आणि शेजारच्या चांगल्या पेशींनाही बिघडवतात. पेशीला स्वतःच्या आतला कचरा मोडून पुन्हा वापरता येतो. ती सफाईही वयानुसार मंदावते. या सफाईचं यंत्र उलगडणाऱ्या योशिनोरी ओसुमी यांना २०१६ चं नोबेल मिळालं. २०१३ मध्ये शास्त्रज्ञांनी वार्धक्याची अशी नऊ मूळ लक्षणं एकत्र मांडली, २०२३ मध्ये ती यादी बारावर गेली.

हे सगळं महत्त्वाचं आहे. पण घरातल्या माणसाला आज संध्याकाळी हात घालता येईल अशी जागा एकच आहे, ती म्हणजे स्नायू. तिशीनंतर दर दहा वर्षांत साधारण ३ ते ८ टक्के स्नायू कमी होतात आणि साठीनंतर तो वेग वाढतो. ताकद त्याहूनही लवकर जाते. मणक्यातून स्नायूंना हुकूम देणारे मज्जातंतू एकेक करून मरतात आणि त्यांच्याशी जोडलेले स्नायूंचे धागे पोरके होतात. त्यातही झटकन ताकद लावणारे जलद धागे आधी जातात. म्हणूनच एखादे आजोबा रोज अंबाबाईच्या देवळापर्यंत चालत जातात, पण उंबऱ्याला ठेच लागली की सावरू शकत नाहीत. चालायला संथ धागे पुरतात, सावरायला जलद धागे लागतात.

दुसरी गोष्ट साखरेची. जेवणानंतर रक्तात उतरणारी साखर साठवण्याचं सर्वात मोठं कोठार स्नायूच असतात. कोठार आकसलं की साखर रक्तात तुंबते. म्हणजे मांडी बारीक होणं आणि मधुमेह चढणं या एकाच घरातल्या दोन गोष्टी आहेत.

कोल्हापूरचं आपलं एक दुखणं

शाहू महाराजांनी तालमींना आश्रय दिला, १९१२ मध्ये खासबागेचं मैदान उभं राहिलं. तेव्हापासून या गावाच्या तोंडी दोन शब्द जोडीनं आहेत: खुराक आणि मेहनत. पैलवान दूध-तूप, बदामाची थंडाई, मटण खायचा आणि पहाटे चारला उठून ते सगळं लाल मातीत जिरवायचा. कुस्ती सुटली, दुकान-नोकरी लागली, मेहनत थांबली. खुराक मात्र तसाच राहिला. गंगावेशीत समोर धार काढून मिळणारं म्हशीचं दूध, रविवारचा तांबडा-पांढरा, सकाळी मिसळ. मला या खाण्याचा अभिमान आहे आणि ते सोडा असं मी कुणाला सांगणार नाही. मेहनत परत आणा, एवढंच माझं मागणं आहे. ज्या बायकांनी कधी तालीम पाहिलीच नाही, त्यांच्यासाठी तर हे दुप्पट खरं आहे. त्यांचा खुराकही कमी आणि मेहनतही चुकीच्या जागी.

पहिलं काम: एका सकाळी घरच्या घरी मोजणी

वही घ्या, तारीख घाला. शेजारी एक माणूस उभा ठेवा.

खुर्ची: हात नसलेली साधी खुर्ची भिंतीला टेकवून ठेवा. हात छातीवर दुमडायचे आणि पाच वेळा पूर्ण उभं राहून बसायचं. १२ सेकंद किंवा जास्त लागले तर पायांची ताकद कमी आहे असं आशियाई तज्ज्ञांच्या गटाचं २०१९ चं प्रमाण सांगतं. हात टेकल्याशिवाय उठताच येत नसेल तर तसं लिहा. आबांच्या वहीत पहिल्या पानावर तेच आहे.

चाल: अंगणात किंवा गच्चीवर ६ मीटर अंतर खडूनं आखा. नेहमीच्या चालीनं चालायचं, दोन पावलं आधीपासून सुरुवात करायची. ६ सेकंदांपेक्षा जास्त लागले तर चाल मंद आहे.

एक पाय: भिंतीजवळ, डोळे उघडे, हात बाजूला, एका पायावर १० सेकंद. २०२२ मध्ये ब्राझीलमधल्या ५१ ते ७५ वयाच्या १,७०२ लोकांचा अभ्यास छापून आला. त्यांच्यात साधारण पाचातल्या एकाला हे जमलं नाही, आणि ज्यांना जमलं नाही त्यांच्यात पुढच्या काही वर्षांतला मृत्यूचा धोका, वय आणि आजार जमेस धरूनही, ८४ टक्क्यांनी जास्त दिसला. एका पायावर उभं राहिल्यानं आयुष्य वाढतं असा याचा अर्थ नाही. तोल हा आतल्या अनेक गोष्टींचा आरसा आहे, इतकंच.

पकड: काही दवाखान्यांत आणि फिजिओथेरपीच्या ठिकाणी पकड मोजायचं यंत्र असतं. पुरुषांची २८ किलोपेक्षा आणि बायकांची १८ किलोपेक्षा कमी असेल तर लक्ष द्यायला हवं. १७ देशांतल्या जवळपास १ लाख ४० हजार लोकांच्या २०१५ च्या अभ्यासात पकड ५ किलोनं कमी असली की मृत्यूचा धोका १६ टक्क्यांनी जास्त आढळला होता. घरात यंत्र नसेल तर लोणच्याच्या बरणीचं झाकण कोण उघडतं ते बघा.

पोट: बेंबीच्या पातळीवर, श्वास सोडून, टेप न आवळता. पुरुषांचं ९० सेंटिमीटरच्या आत हवं, बायकांचं ८० च्या. आपल्याकडे वजनकाटा फसवतो. पुण्याच्या केईएम रुग्णालयाचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि लंडनचे जॉन युडकिन यांनी २००४ मध्ये लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात आपला दोघांचा एकत्र फोटो छापला. दोघांचाही बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानानं वजनाचा आकडा, २२.३ होता. पण शरीरातली चरबी युडकिन यांची ९.१ टक्के आणि याज्ञिक यांची २१.२ टक्के. अंगानं बारीक, आतून चरबीचा, असा आपला बांधा आहे. म्हणून "मी काय जाड नाही" यावर विसंबू नका.

दुसरं काम: रक्त आणि बीपी

उपाशीपोटीची आणि तीन महिन्यांची साखर (एचबीए१सी), चरबीची तपासणी, मूत्रपिंडासाठी क्रिएटिनिन, हिमोग्लोबिन, बी-१२, डी जीवनसत्त्व. तीन महिन्यांची साखर ५.७ ते ६.४ टक्के असेल तर मधुमेहाच्या उंबरठ्यावर आहात, ६.५ पासून पुढं मधुमेह. उंबरठ्यावरून मागं फिरता येतं, म्हणून हा आकडा लवकर कळायला हवा. शाकाहारी घरांत आणि बरीच वर्षं मेटफॉर्मिन ही मधुमेहाची गोळी घेणाऱ्यांत बी-१२ कमी सापडतं. मग पाय बधिर होतात, तोल जातो आणि सगळे म्हणतात वय झालं.

बीपी घरी मोजायचं तर पाच मिनिटं शांत बसून, पाठ टेकून, पाय जमिनीवर, दंड छातीच्या पातळीवर. अर्धा तास आधी चहा-तंबाखू नको, लघवी तुंबलेली नको, मोजताना गप्पा नकोत. दोनदा मोजा, सात दिवस लिहा, सरासरी काढा. घरातली सरासरी १३५/८५ च्या वर जात असेल तर कागद घेऊन डॉक्टरांकडे जा. "दुखत-खुपत काही नाही" म्हणून बीपीची गोळी परस्पर बंद करणारी माणसं मी आमच्याच गल्लीत पाहिली आहेत. त्यातल्या एकाला अर्धांगवायूनं गाठलं.

तिसरं काम, आणि खरं काम: बैठक

१९९० मध्ये अमेरिकेत मारिया फियाटारोन यांनी एका वृद्धाश्रमातल्या दहा माणसांना आठ आठवडे पायांचा वजनाचा व्यायाम दिला. सगळे नव्वदीच्या आसपासचे, अशक्त. त्यांच्या पायांची ताकद सरासरी १७४ टक्क्यांनी वाढली. मी हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही, कारण आबा तर तेव्हा ७४ चेच होते. नव्वदीतला स्नायूही हुकूम ऐकतो. त्याला पुरेसं ओझं मात्र द्यावं लागतं.

इथं तालमीची एक सवय बदलावी लागते. पैलवान चवड्यांवर बसून, गुडघे पुढे काढून, शेकड्यांनी बैठका मारतो. आपल्याला टाच जमिनीवर ठेवून, मागं खुर्चीकडे कंबर नेत, थोड्याच पण जड बैठका मारायच्या आहेत. संख्या वाढवत बसू नका, ओझं वाढवा. शेवटच्या दोन बैठका अवघड गेल्या पाहिजेत, पण ढंग बिघडता कामा नये.

सुरू करण्याआधी एक अट. चालताना छातीत दुखतं, नुकतंच हृदयाचं काही झालंय, बीपी काबूत नाही, हाड मोडलेलं आहे किंवा मणक्याचं हाड दबलंय असं कुणी सांगितलंय, तर आधी डॉक्टरांना विचारा. इन्सुलिन किंवा साखर उतरवणाऱ्या गोळ्या चालू असतील तर खिशात साखर ठेवा.

पहिले दोन आठवडे: खुर्ची भिंतीला, हात मांडीवर टेकवून उठलं तरी चालेल. ८ वेळा, दोन मिनिटं विसावा, पुन्हा ८. आठवड्यातून तीन दिवस, मध्ये एक दिवस सुट्टी. उठताना श्वास सोडायचा. श्वास कोंडून जोर लावला की बीपी एकदम चढतं.

तिसरा-चौथा आठवडा: हात छातीवर. खाली बसताना मनात तीन मोजायचे. धपकन बसायचं नाही. खाली जाताना स्नायू लांबत लांबत ताकद लावतो आणि जिना उतरताना हीच ताकद कामी येते.

पाचव्यापासून आठव्यापर्यंत: तीन फेऱ्या, आणि पाठीवर पिशवी. आत आधी दोन किलो तांदूळ, जमेल तसं वाढवत पाच. ज्यांना सोसतं त्यांनी खुर्चीऐवजी बुटकं स्टूल घ्यावं.

नवव्यापासून पुढं: उठताना झटकन, बसताना सावकाश. जलद धाग्यांना जाग आणायची ती इथं. पिशवी थोडी हलकी केली तरी चालेल, वेग हवा.

गुडघे दुखतात म्हणून पुष्कळजण पहिल्या आठवड्यात सोडून देतात. गुडघ्याची झीज असणाऱ्यांना मांडीची ताकद वाढली की आराम पडतो, हे पुन्हा पुन्हा दिसून आलंय. व्यायामाच्या वेळचं हलकं दुखणं दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत ओसरलं तर पुढे चला. सूज आली किंवा दुखणं राहिलं तर खुर्चीवर उशी ठेवून उंची वाढवा.

बैठकांबरोबर तीनच गोष्टी. जोर भिंतीला हात टेकवून सुरू करायचे, मग स्वयंपाकघराच्या ओट्यावर, ज्यांना जमेल त्यांनी जमिनीवर. पायरीच्या कडेला धरून टाचा वर-खाली, १५ वेळा. आणि दोन्ही हातांत सारख्या वजनाच्या पिशव्या घेऊन ताठ चालणं. कपिलतीर्थ मार्केटमधून भाजी आणताना हे आपोआप होतं, फक्त एका खांद्यावर सगळं टाकू नका. आई म्हणायची की पूर्वी घागरी आणत होतो तेव्हा वेगळा व्यायाम कशाला लागतोय. तिचं खरंच होतं. घागर गेली, तिच्या जागी दुसरं काही आलं नाही.

आबांना सहा महिन्यांनी हात न टेकता पाच बैठकांना १६ सेकंद लागले, वर्षानं १३. बाराच्या आत ते अजून आलेले नाहीत. २०२१ च्या जुलैत पाणी पुन्हा चढलं तेव्हा आम्ही आदल्या रात्रीच बाहेर पडलो, होडीची वेळ आली नाही. पण त्या वर्षी भावकीतल्या एका जेवणाला ते पंगतीत पाटावर बसले आणि जेवून स्वतःच्या स्वतः उठले.

जमीन आणि तोल

जमिनीवर बसणं सोडू नका. सोडलं असेल तर उठायची रीत शिकून पुन्हा सुरू करा: कुशीवर वळायचं, दोन्ही हात आणि गुडघे टेकायचे, एक पाऊल पुढे रोवायचं, हात त्या मांडीवर किंवा खुर्चीवर ठेवून उठायचं. पडल्यावर मदत येईपर्यंत तासन्तास जमिनीवर पडून राहणं हे पडण्याइतकंच वाईट असतं, म्हणून ही रीत प्रत्येकाला यायला हवी. ज्यांचा गुडघा किंवा खुबा बदललाय त्यांनी आपल्या डॉक्टरांना विचारूनच हे करावं.

तोलासाठी वेगळा वेळ लागत नाही. दूध उतू जायची वाट बघत ओट्याला बोट लावून एका पायावर उभं राहा, मग बोट काढा. टाचेला चवडा लावत सरळ रेषेत दहा पावलं, भिंतीजवळून.

चालणं

रोज १० हजार पावलं हा आकडा विज्ञानातून आलेला नाही. १९६५ च्या सुमारास जपानमध्ये विकायला आलेल्या पावलं मोजायच्या यंत्राच्या नावातून तो पसरला. २०२२ मध्ये १५ अभ्यासांची गोळाबेरीज झाली. साठीच्या पुढच्यांना ६ ते ८ हजार पावलांपर्यंत फायदा वाढत गेलेला दिसला आणि मग तो साधारण सपाट झाला. रंकाळ्याला फेरी मारणारे आपल्याकडे पुष्कळ आहेत, शिवाजी विद्यापीठाच्या आवारातही पहाटे गर्दी असते. त्यांना एकच सांगणं: गप्पा मारत रमतगमत फेरी झाली की मध्ये दोन-दोन मिनिटं असं चाला की बोलता येईल पण गाणं म्हणता येणार नाही. आठवड्याला अशी १५० मिनिटं भरायला हवीत. आणि रात्रीच्या जेवणानंतर दहा-पंधरा मिनिटं गल्लीत शतपावली. चालणारे स्नायू रक्तातली साखर तिथल्या तिथं उचलतात, मधुमेह्याला याचा फायदा यंत्रावर त्याच रात्री दिसतो.

ताट: प्रथिनं वर, मीठ खाली

उतारवयात स्नायू प्रथिनांना लवकर दाद देत नाहीत. त्यामुळे तरुणाला पुरतं तेवढं म्हाताऱ्याला पुरत नाही. तज्ज्ञ वजनाच्या दर किलोला १ ते १.२ ग्रॅम सांगतात. ६० किलोच्या माणसाला ६० ते ७२ ग्रॅम. मूत्रपिंडाचा आजार असेल तर मात्र हा आकडा डॉक्टरांनीच ठरवायचा.

आता आपलं ताट बघा. सकाळी चहा-खारी किंवा पोहे, दुपारी भाकरी, भाजी, पातळ आमटी, रात्री भात. दिवसभरात ४० ग्रॅमही होत नाहीत, आणि सकाळी तर जवळजवळ शून्य. ढोबळ हिशेब असा: एक अंडं ६ ग्रॅम, पेलाभर दूध ७, घट्ट वरणाची वाटी ७, मूठभर शेंगदाणे ७, ज्वारीची एक भाकरी ६. प्रत्येक जेवणात २० ग्रॅमच्या आसपास जायला हवेत. सकाळी दोन अंडी आणि दूध, किंवा मोडाच्या मटकीची घट्ट उसळ आणि दही-शेंगदाण्याची चटणी. आमटीचं पाणी कमी करा, डाळ वाढवा. मिसळीत मटकी दुप्पट मागा, फरसाण अर्धं, पाव एक. कट चवीपुरता. पांढरा रस्सा प्यायचाच तर त्यातल्या मटणाच्या फोडीही घ्या. रश्श्यात प्रथिनं फार उतरत नाहीत, ती फोडीत राहतात.

घरातल्या आजीचं ताट वेगळं बघायला हवं. सगळ्यांना वाढून उरलेलं खायचं ही पिढ्यांची सवय आहे आणि दात गेले की ती चहात भाकरी बुडवून भागवते. पाळी गेल्यावर हाडं झपाट्यानं ठिसूळ होतात, त्यात स्नायू नाहीत. खुब्याचं हाड मोडलेल्या वृद्धांपैकी साधारण पाचातलं एक माणूस वर्षभरात दगावतं. तिच्यासाठी अंडं, दही, मऊ उसळ आधी काढून ठेवा.

मिठाचा हिशेब मी असा केला. जागतिक आरोग्य संघटना माणशी दिवसाला ५ ग्रॅमपेक्षा कमी सांगते, म्हणजे एक सपाट छोटा चमचा. चौघांच्या घराला महिन्याला ६०० ग्रॅम. आमच्या घरात एक किलोची पिशवी महिना संपायच्या आत रिकामी होत होती, म्हणजे माणशी ८ ग्रॅमच्या वर, लोणचं-पापड आणि बाहेरचं खाणं वेगळं. तुमची पिशवी उघडाल त्या दिवशी तिच्यावर तारीख लिहा. कांदा-लसूण चटणीत मीठ असतंच, त्यामुळे ती घातल्यावर भाजीत वरून पुन्हा घालू नका. चीनमध्ये ६०० गावांतल्या सुमारे २१ हजार लोकांवर झालेल्या आणि २०२१ मध्ये छापून आलेल्या चाचणीत नेहमीच्या मिठाऐवजी पाव हिस्सा पोटॅशियमचं मीठ मिसळलेलं मीठ दिलं, तेव्हा अर्धांगवायू १४ टक्क्यांनी कमी झाले. मूत्रपिंडाचा त्रास असणाऱ्यांनी आणि बीपीच्या काही गोळ्या घेणाऱ्यांनी ते विचारल्याशिवाय वापरू नये.

गुळाबद्दल कोल्हापुरात लिहिणं जिवावर येतं. पण मधुमेह्याच्या रक्तात गूळ साखरेसारखाच उतरतो. सणाला खा, रोजच्या चहात नको.

तंबाखू आणि मिश्री

ब्रिटनमधल्या डॉक्टरांवर १९५१ पासून ५० वर्षं चाललेल्या अभ्यासात सिगारेट ओढणारे सरासरी १० वर्षं आधी गेले. साठाव्या वर्षी सोडणाऱ्यांनीही त्यातली साधारण ३ वर्षं परत मिळवली, पन्नासाव्या वर्षी सोडणाऱ्यांनी ६. मिश्री धूर करत नाही म्हणून आपल्या बायका तिला व्यसन समजत नाहीत, पण तीही तंबाखूच आहे आणि तोंडाचा कर्करोग तिच्यातूनही होतो. सोडायला मदत हवी तर १८००-११-२३५६ हा सरकारी फोन मोफत आहे.

कान, डोळे, झोप, माणसं

२०२४ मध्ये लॅन्सेटच्या आयोगानं स्मृतिभ्रंशाची टाळता येण्यासारखी १४ कारणं मांडली. ती सगळी हटवली तर जवळपास ४५ टक्के स्मृतिभ्रंश टळू किंवा लांबू शकतो असा त्यांचा अंदाज आहे. कमी ऐकू येणं हे त्यातलं मोठं कारण. आपल्याकडे चष्मा लावायला कुणी लाजत नाही, मशीन लावायला लाजतात. ज्याला ऐकू येत नाही तो हळूहळू बोलणं सोडतो, मग कट्टा सोडतो. तेव्हा कान तपासा, मोतीबिंदू पिकायची वाट पाहू नका. फ्लू आणि न्यूमोनियाच्या लसींबद्दल डॉक्टरांना विचारा. सात तास झोप, आणि मोठ्यानं घोरताना श्वास अडकत असेल तर तपासणी.

माणसांचं औषध मोजलेलं आहे. २०१० मध्ये १४८ अभ्यास, तीन लाखांहून जास्त माणसं एकत्र करून पाहिली, तेव्हा ज्यांची नाती घट्ट होती त्यांची जगण्याची शक्यता ५० टक्क्यांनी जास्त निघाली. तालमीचा कट्टा, भजनी मंडळ, भिशी, हळदी-कुंकू, यांतलं एक तरी आठवड्याला असू द्या. आबा आता तालमीत जाऊन पोरांचे डाव बघत बसतात. तिथून आले की त्यांचा आवाज वेगळा असतो.

पैसे कुठं घालू नयेत

रापामायसिन नावाच्या औषधानं उतारवयातल्या उंदरांचं आयुष्य वाढलं, हे २००९ मध्ये दिसलं आणि ते खरं आहे. माणसांचं वाढतं असं अजून सिद्ध झालेलं नाही, आणि ते औषध प्रतिकारशक्ती दाबतं. एनएमएन, रेस्व्हेरॅट्रॉल अशा तारुण्य टिकवण्याच्या नावाखाली विकल्या जाणाऱ्या गोळ्यांच्या महागड्या बाटल्यांनाही माणसाचं आयुष्य वाढल्याचा पुरावा नाही. ओळखीच्या एका घरात अशा गोळ्यांवर महिन्याला जाणारा पैसा पाहून मला वाईट वाटलं. त्याच पैशात वर्षभराची अंडी, बीपीचं यंत्र आणि मोरीतला दांडा आला असता.

तो दांडा आजच बसवा. मोरीत आणि संडासात, भिंतीत पक्का रोवलेला. पलंगापासून मोरीपर्यंत रात्रभर बारीक दिवा. पायपुसणं घसरणारं असेल तर फेकून द्या. झिजलेल्या तळाची चप्पल ओल्या फरशीवर नको. रात्री उठताना आधी पलंगाच्या कडेला एक मिनिट बसायचं, मग उभं राहायचं, कारण बीपीच्या गोळ्यांनी एकदम उठल्यावर डोळ्यांपुढं अंधारी येते.

आठवडा आमच्या घरात असा लागतो: सोमवार, बुधवार, शुक्रवार सकाळी बैठका आणि जोर, वीस-पंचवीस मिनिटं. बाकीच्या दिवशी रंकाळा. रोज रात्री शतपावली. रविवारी रस्सा, फोडींसकट. आजारपणात किंवा पावसापाण्यात खंड पडला तर दोन आठवडे मागच्या पायरीवरून पुन्हा सुरू करायचं, कारण थांबलं की ताकद लवकर उतरते. आणि वहीतली मोजणी वर्षातून चार वेळा: गुढीपाडवा, आषाढी एकादशी, दसरा, संक्रांत. खुर्ची तीच, खडूची रेघ तीच, घड्याळ धरणारा माणूसही शक्यतो तोच.